आधी पाणी

त्याच्या टेबलाशी कोणीही आलं, की तो आधी खालच्या खणातून काचेचा ग्लास काढायचा, त्यात साधं पाणी ओतायचा आणि पाहुण्यासमोर ठेवायचा. समोरच्याने बोलायला सुरुवात केली असली तरी हात वर करून त्याला थांबवायचा. "आधी पाणी." ग्लास रिकामा होऊन खाली टेकला, की मग मान किंचित झुकवून विचारायचा, "हं, आता सांगा. काय काम काढलंत?"

घरात हे शोभतं. पण आमचं ऑफिस जर्मनीतल्या नेकारसुल्मला. मोटारींच्या ब्रेकच्या चाचण्या घेणारं. इथल्या माणसाला दोन मिनिटांचं काम असलं तर ते त्याला दोन मिनिटांतच संपवायचं असतं. आमचा टीम-लीडर पहिल्यांदा त्याच्याकडे गेला तेव्हा उभ्याउभ्याच म्हणाला, "हे बघ, मला फक्त एक आकडा हवाय." याने ग्लास पुढे केला. टीम-लीडरने मदतीसाठी माझ्याकडे पाहिलं. मी खिडकीकडे पाहिलं. शेवटी तो पाणी प्यायला बसला, आणि बसल्यावर त्याच्या लक्षात आलं की आपण सकाळपासून बसलोच नव्हतो. पुढे पुढे तो काही काम नसतानाही पाणी प्यायला यायला लागला. तुमच्याही ऑफिसात असं एखादं टेबल असेल. फायली तिथून हलत नाहीत, पण माणसं तिथेच जातात.

तो घानामधल्या कुमासी शहरातला. कार्ल्सरूहेला शिकला आणि आमच्याकडे लागला. त्याचं टेबल माझ्यासमोर होतं. पहिल्याच आठवड्यात त्याने मला विचारलं, तुमच्याकडे लहान माणसं तुम्हाला काय म्हणतात? मी म्हटलं, आमच्याकडे केस पिकायला लागले की माणूस आपोआप जगाचा काका होतो. काका म्हणजे वडिलांचा भाऊ, हे कळल्यावर त्याचा चेहरा जरा उतरला. म्हणाला, आमच्यात वडिलांचा भाऊ ठीकच, पण खरा अधिकार आईच्या भावाचा. त्याला 'वोफा' म्हणतात. मी म्हटलं, अरे, तो तर आमचा मामा. लग्नात मुलीच्या पाठीशी उभा राहतो, भाच्यांना लाडावून ठेवतो. तो इतका खूश झाला की त्या दिवसापासून मी त्याचा वोफा झालो. वोफाची कामं काय असतात, हे मी विचारलं नाही. मानाचं पद चालून आलं की मी जबाबदाऱ्या विचारत नाही. पुण्याच्या सोसायटीत सेक्रेटरीही मी असाच झालो होतो.

त्याला कशाचीच घाई नसायची. "स्मॉल-स्मॉल, वोफा," हे त्याचं सगळ्यावरचं उत्तर. जर्मन शिकणं कुठवर आलं? स्मॉल-स्मॉल. घर मिळालं का? स्मॉल-स्मॉल. म्हणजे होतंय, थोडं थोडं, पण होतंय.

माझी एक खोड त्याने फार लवकर पकडली. तो डब्यात केळ्याचे काप आणायचा, आपल्या वेफर्ससारखेच, पण जाड. मला विचारायचा. मी अर्थातच म्हणायचो, "नको, नको." तो डबा मिटून ठेवायचा, आणि मग मी दुपारभर त्या डब्याकडे बघत ब्रेकचे आलेख काढायचो. काही आठवडे हे पाहून एक दिवस तो म्हणाला, "वोफा, तुमचं मला कळलं. तुम्ही तिसऱ्याला घेता." त्यानंतर तो डबा उघडून एका दमात विचारायचा, "घेणार? घेणार? घेणार?" आणि मी संकोच न करता मूठ भरून घ्यायचो.

कँटीनमध्ये तो कुमासीच्या गोष्टी सांगायचा. तिथे शिकत असताना तो आणि त्याचा लहानपणापासूनचा मित्र क्वामे एका खोलीत राहायचे. दोघांत मिळून चांगला म्हणावा असा एकच शर्ट. पांढरा. तो दारामागच्या खिळ्यावर लटकलेला असायचा. नियम असा की ज्याला कोणा मुलीला भेटायला जायचं असेल त्याने तो घालायचा, आणि परत आल्यावर धुऊन पुन्हा खिळ्यावर. एकाच दिवशी दोघांना कोणी भेटलं तर? मी विचारलं. "वोफा," तो म्हणाला, "आमचं नशीब एवढं चांगलं कधीच नव्हतं."

मग अबेना आली. तिच्या आईचं मोठ्या बाजारात कापडाचं दुकान होतं आणि कॉलेज सुटल्यावर ती तिथे बसायची. हा पांढरा शर्ट घालून जायचा आणि परवडणारच नाहीत अशा कापडांचे भाव विचारून यायचा. स्वतःचं बोलायचा धीर होईना, म्हणून निरोप घेऊन क्वामेला पाठवायचा. पुढचं तुम्ही ओळखलंच असेल. निरोप्याचाही जीव तिच्यावर जडला.

दोघांपैकी कोणी काही बोललं नाही. पण शर्ट खिळ्यावरून हलेना. हा घालेना, तोही घालेना. एकाच खोलीत दोघं राहत होते, पण स्वयंपाक वेगवेगळा, बोलणं कामापुरतं. शर्टावर धूळ बसली. मग एका रविवारी हा आंघोळ करून खोलीत आला, तर शर्ट खिळ्यावर नव्हता. याच्या पलंगावर होता. धुतलेला, इस्त्री केलेला, तुटलेल्या बटणाच्या जागी नवं बटण लावलेला. क्वामे फुटबॉल बघायला बाहेर गेला होता.

"मग तू काय म्हणालास त्याला?" मी विचारलं.

"काही नाही. संध्याकाळी आम्ही एकत्र जेवलो."

"आणि क्वामे?"

"क्वामे म्हणतो, माझी पाळी येईल. स्मॉल-स्मॉल."

पुढे हा कार्ल्सरूहेला आला. विमानतळावर क्वामेने तो शर्ट याच्या पिशवीत कोंबला होता. काही वर्षांनी अबेना नर्सिंगच्या शिक्षणासाठी कोलोनला आली आणि तिथे स्थायिक झालेल्या आपल्या मामाच्या घरी राहू लागली. मामा म्हणजे तिचा वोफा. तिच्या आईवडिलांनी कुमासीहून सांगून टाकलं होतं की लग्नाचं काय ते वोफा ठरवेल.

हा केक घेऊन कोलोनला गेला. मामांनी पाणी दिलं, काम विचारलं, याने सांगितलं. ते रागावले नाहीत, हेच वाईट झालं. रागावले असते तर समजूत तरी काढता आली असती. दारापर्यंत सोडायला आले आणि म्हणाले, "एकटा आलास. उद्या तुम्ही दोघं भांडलात तर मी फोन कोणाला करू? तुझ्या साहेबाला?"

याचं तिकडे होतं तरी कोण? आई गेलेली. वडील दुसऱ्या गावी, दुसऱ्या संसारात. आणि त्यांच्यात माणूस आईच्या घरचा मानला जातो. सख्ख्या मामाचं सुट्या भागांचं दुकान होतं. ते सोडून भाचा परदेशी गेला, म्हणून त्याने संबंध तोडले होते. फोन घेत नव्हता. आणि मागणी घालायला मुलाची माणसंच लागतात. तिकडे या विधीला दार ठोठावणं म्हणतात. मुलाकडच्यांनी मुलीच्या दारी जायचं, बाटल्या ठेवायच्या आणि मागायचं. माणसं नसतील तर दार उघडत नाही.

हे त्याने मला सांगितलं त्या दिवशी मी त्याच्या टेबलाशी एक सही मागायला गेलो होतो. त्याने ग्लास भरला. मी प्यायलो. मग नेहमीचा प्रश्न आला नाही. तो म्हणाला, "वोफा, आज काम माझं आहे."

मी लगेच हो म्हटलं. घरी येऊन हिला सांगितलं की आपल्याला कोलोनला मुलगी मागायला जायचंय. ही म्हणाली, "अहो, तुम्हाला यातलं काय कळतं?" मी म्हटलं, बोलण्यांचा मला दांडगा अनुभव आहे. ही म्हणाली, "बोलण्यांना तुम्ही पोहे खायला जायचात." ते खरं होतं, पण मुलगी ऐकत होती, म्हणून मी विषय बदलला. सोळा वर्षांच्या आमच्या लेकीने मान वर न करता जर्मनमध्ये एवढंच सांगितलं, की पपा, प्लीज, तिथे लाज आणू नका.

विधीला श्नॅप्सच्या बाटल्या लागतात हे कळल्यावर मला उत्साह आला. मी स्वतः पीत नाही, पण मुलाचा मामा म्हणून आपण हलकं काही न्यायचं नाही, असं ठरवून ब्लॅक फॉरेस्टची चेरीची महागडी बाटली आणली. ही म्हणाली, "सुपारी फोडायला जाताय की पार्टीला?" त्याने ती बाटली दोन्ही हातांत घेऊन आदराने पाहिली. मग हळूच म्हणाला, "वोफा, बाटली फार सुंदर आहे. पण ही आमचे पूर्वज ओळखणार नाहीत." त्यांच्याकडे चालते ती चौकोनी हिरवी बाटली असते, आणि तशा त्याने श्टुटगार्टच्या आफ्रिकन दुकानातून आधीच आणल्या होत्या. माझी चेरी पिशवीच्या तळाशी गेली.

कोलोनला जाताना गाडीत त्याने बाकीचं समजावलं. त्याने स्वतः तिथे एक अक्षर बोलायचं नाही. मुलगा गप्प बसतो. वडीलधारे थेट बोलत नाहीत. दोन्हीकडचा एकेक प्रवक्ता असतो, तो बोलतो. आमचा प्रवक्ता क्वामे, कुमासीहून फोनवर. मला जरा वाईट वाटलं, कारण मी छोटंसं भाषण पाठ केलं होतं.

"म्हणजे मी काय करायचं?"

"वोफा, तुम्ही फक्त बसायचं."

मागून ही म्हणाली, "हे त्यांना जमणार नाही."

त्याने सगळं सांगितलं होतं. फक्त पाण्याचं सांगितलं नाही. ते काय सांगायचं, असं वाटलं असणार त्याला. मी त्याच्याच टेबलाशी वर्षानुवर्षं पाणी पीत होतो.

मामांचं घर तिसऱ्या मजल्यावर होतं. आयुष्यभर ट्राम चालवून निवृत्त झालेले, उंच, ताठ, पांढऱ्या दाढीचे. एका भिंतीशी त्यांची माणसं, रंगीबेरंगी कपड्यांत खोली भरून गेलेली. समोर आम्ही तिघं. ही पैठणीत, मी बंद गळ्याच्या कोटात, आणि हा त्या पांढऱ्या शर्टात. कॉलर विरलेली होती. हिने नवा शर्ट घेऊन देऊ का म्हणून विचारलं होतं, तर तो नुसता हसला होता. टेबलावर फळांच्या टोपलीला टेकवून फोन ठेवला होता आणि त्यात क्वामेचा गोल चेहरा. अबेना आत होती. बोलावल्याशिवाय तिने यायचं नसतं.

आता माझं काय झालं ते सांगतो. समोर मुलीकडची माणसं, इकडे आम्ही मुलाकडचे, आणि मधल्या खुर्चीवर मी. या मांडणीचा माझ्या रक्तावर परिणाम झाला. नाशिकला चुलतभावाच्या बोलण्यांना माझे थोरले काका असेच बसले होते. चहा आला, त्यांनी हात आडवा केला. पुन्हा आला, पुन्हा हात आडवा. तिसऱ्यांदा मुलीचे वडील स्वतः कप घेऊन वाकले, तेव्हा काकांनी उपकार केल्यासारखा तो घेतला. मुलाकडच्यांनी असं बसायचं असतं, हे मी तेव्हा शिकलो ते कायमचं.

मामी ट्रे घेऊन आल्या. हिने पाणी घेतलं आणि प्यायली. माझ्यासमोर ट्रे आला. मी स्मित केलं आणि हात आडवा केला. "नको, नको." मामींना वाटलं मला ऐकू आलं नसेल. ट्रे पुन्हा पुढे केला. मी छातीवर हात ठेवून म्हटलं, "खरंच नको." आणि काकांसारखा मागे टेकून बसलो.

तिसऱ्यांदा कोणी विचारलंच नाही. ट्रे आत गेला.

खोलीतली कुजबुज थांबली. तेव्हा मला कळलं की काहीतरी झालंय. मामा आपल्या प्रवक्त्या बाईंशी हळू आवाजात बोलले. आम्हाला कळावं म्हणून बाईंनी ते इंग्रजीत सांगितलं, तेही अगदी शांतपणे. "मामा म्हणतात, मुलाच्या वोफांना आमच्या घरचं पाणी नको आहे. म्हणजे त्यांचं आमच्याकडे काही काम नसावं. आलात, भेट झाली, आनंद झाला."

म्हणजे झालं. दार मिटलं. आणि ते मी मिटलं होतं, बंद गळ्याचा कोट घालून. मी त्याच्याकडे पाहिलं. तो बोलू शकत नव्हता. तो आपल्या बुटांकडे बघत होता आणि त्याचा हात कॉलरवर गेला होता. हिने माझ्याकडे पाहिलं नाही. लग्नाला पंचवीस वर्षं झाली की बघायची गरज उरत नाही.

तेवढ्यात फळांच्या टोपलीतून आवाज आला.

"मोठ्यांची परवानगी असेल तर," क्वामे म्हणाला, "आमच्या वोफांबद्दल एक सांगायचं आहे. ते ज्या मुलखातून आले आहेत तिथे मानाचा माणूस पहिल्या दोन वेळा नको म्हणतो. तहान नसते म्हणून नाही. घरच्यांना तिसऱ्यांदा विचारण्याची संधी मिळावी म्हणून. माझा भाऊ मला हे गेली कित्येक वर्षं फोनवर सांगतोय. तो त्यांना केळ्याचे कापसुद्धा तीनदा विचारून देतो. मोठ्यांनी दोनदा विचारलं. वोफा अजून वाट बघत आहेत."

सगळी खोली माझ्याकडे वळली. मी मान हलवली. खरंच वाट बघत होतो.

मामांच्या दाढीत काहीतरी हललं. ते स्वतः उठले, आत गेले, ग्लास घेऊन आले आणि माझ्यासमोर वाकले. माझ्या जन्मात मी इतक्या वेगाने पाणी प्यायलो नव्हतो. ठसका लागला. ही पाठीवर थापट्या मारायला लागली, जरा जास्तच जोरात.

"तरी दंड पडेल," प्रवक्त्या बाईंनी जाहीर केलं. "घरच्यांना घाबरवल्याचा. एक बाटली."

मी पिशवीच्या तळाशी हात घातला आणि ब्लॅक फॉरेस्टची चेरी टेबलावर ठेवली. मामांनी ती उजेडाकडे धरून लेबल वाचलं, आणि त्या दिवशी पहिल्यांदा मुलाकडे बघून हसले. पूर्वजांनी ओळखली नसेल, मामांनी बरोबर ओळखली.

मग बाईंनी रीतसर विचारलं, काय काम काढलंत? आणि क्वामे बोलू लागला. हे थेट सांगायचं नसतं, आडून सांगायचं असतं. तो म्हणाला, "आम्ही या घरावरून जात होतो. कुंपणाआड आम्हाला एक फूल दिसलं." इथे तो थांबला. रेंज गेली असं सगळ्यांना वाटलं. रेंज गेली नव्हती. फोनमधला चेहरा हलत होता. त्याने घसा खाकरला. "माझ्या भावाला ते फूल दिसलं," तो म्हणाला, "आणि तेव्हापासून त्याचं दुसरीकडे लक्ष लागत नाही. ते आमच्या अंगणात लावायची परवानगी मागायला आम्ही आलो आहोत."

माझ्या शेजारी पांढऱ्या शर्टातल्या माणसाने डोळे मिटून घेतले. ते वाक्य बोलायला काय लागलं असेल, हे त्या खोलीत त्याला माहीत होतं आणि मला. अबेनाला माहीत होतं की नाही, मी कधीच विचारलं नाही.

तिला बाहेर बोलावलं. मामांनी हिरव्या बाटल्यांकडे बोट दाखवून विचारलं, ही माणसं हे घेऊन आली आहेत. आम्ही प्यायचं का? ती म्हणाली, हो. हे तीनदा विचारतात. मुलीचा विचार बदलायला वाव हवा. दुसऱ्यांदा विचारलं. हो. तिसऱ्यांदा मामांनी आवाज खाली आणला, जणू खोलीत दुसरं कोणी नाही. बाळ, आम्ही हे प्यायचं का? नंतर परत करता येणार नाही.

अबेनाने माझ्याकडे पाहिलं. ग्लासात अर्धं पाणी होतं. ठसक्यामुळे राहिलेलं.

"हो," ती म्हणाली. "पण आधी वोफांचं पाणी संपू दे."

त्या खोलीत जो हशा उसळला त्याने खालच्या मजल्यावरची जर्मन बाई वर आली. तिलाही आधी पाणी दिलं. फोनमध्ये क्वामे नाचत होता, त्यामुळे आम्हाला त्याच्या खोलीचं छतच दिसत होतं. ही मामींबरोबर पैठणीचा पदर पसरून बसली. मामांनी माझा नंबर घेतला आणि मोबाईलमध्ये घालताना मोठ्याने म्हणाले, "भांडले तर तुम्हाला." मी म्हटलं, गेनाऊ, अगदी बरोबर. मला. त्यांनी तीनदा विचारलं नाही, मीही दोनदा नको म्हटलं नाही.

आता तो इथे नाही. लग्नानंतर दोघं कुमासीला परतली. ती तिथल्या दवाखान्यात आहे, आणि याने गाड्यांचे ब्रेक तपासायचं स्वतःचं केंद्र काढलंय. धंदा कसा चाललाय? स्मॉल-स्मॉल. सख्खा मामा उद्घाटनाला आला, दाराशी उभा राहिला. याने आधी पाणी दिलं. मामाने घेतलं. अबेनाच्या मामांचा कोलोनहून मला फोन येतो, पण भांडणाचा नाही. ती चेरीची बाटली कुठल्या दुकानात मिळते हे त्यांना हवं असतं.

त्याचा ग्लास तो माझ्या टेबलावर ठेवून गेला. टीम-लीडर दुपारी येतो.

मागच्या महिन्यात ऑफिसमध्ये असतानाच त्याचा फोन आला. वोफा, कॅमेरा सुरू करा. स्क्रीनवर कुमासीतलं कोणाचं तरी अंगण दिसलं, समोरासमोर मांडलेल्या खुर्च्या, रंगीबेरंगी कपड्यांतली माणसं. मला कशाला तरी टेकवून ठेवलं होतं. बहुतेक फळांच्या टोपलीला. मधल्या रांगेत क्वामे खाली मान घालून बसला होता. अंगात तोच पांढरा शर्ट, धुतलेला, इस्त्री केलेला. कॉलर बदलून घेतली होती.

ट्रे फिरला. याने ट्रेमधला एक ग्लास घेतला आणि तो फोनजवळ आला. "वोफा?"

मी माझा ग्लास भरूनच ठेवला होता. एका दमात प्यायलो आणि उलटा करून कॅमेऱ्यासमोर धरला. तिकडे टाळ्या पडल्या.

मग समोरच्या बाजूने कोणीतरी रीतसर विचारलं, काय काम काढलंत? तो उभा राहिला, घसा साफ केला, एकदा क्वामेच्या पांढऱ्या शर्टाकडे पाहिलं, आणि म्हणाला,

"आम्ही या घरावरून जात होतो. कुंपणाआड आम्हाला एक फूल दिसलं."